पळून का जात नाहीत? ओढगस्तीवरचा भयखेळ टेबलावर कसा चालवावा

कुठलाही भयखेळ, म्हणजे टेबलाभोवती बसून प्रत्येकानं एकेक पात्र होऊन खेळायची भयकथा, चालवायला बसा, पहिल्या अर्ध्या तासात एखादा खेळाडू विचारतोच, "पण आम्ही इथे थांबायचंच कशाला?" तळघरातून आवाज येतोय, भिंतीआड काहीतरी सरकतंय, मग शहाणा माणूस सरळ निघून जाईल की. यावर बहुतेक गेम मास्टर, म्हणजे गोष्ट सांगत खेळ चालवणारे, पूल पाडतात, वादळ आणतात, गाडी बंद करतात. मला यातलं काही लागत नाही. माझ्या टेबलावर दार उघडं असतं, रस्ता मोकळा असतो आणि तरीही कुणी जात नाही. रात्रपाळी पूर्ण केल्याची सही सकाळी मिळाली नाही तर घरचा हप्ता चुकतो, आणि हे टेबलावरच्या प्रत्येकाला आकड्यांनिशी माहीत असतं.

माझं पोटापाण्याचं काम हिशेब तपासण्याचं आहे. दुसऱ्यांच्या किर्दी आणि खतावण्या वाचण्यात दिवस जातो. थकबाकीच्या रकान्यातली रक्कम महिन्यागणिक फुगत जाताना बघितली, की तिच्यामागचं घर डोळ्यांसमोर उभं राहतं. टेबलावर मला तेच उभं करायचं असतं. म्हणून माझ्या पद्धतीत सगळ्यात आधी वही येते आणि भूत शेवटी.

आधीच्या खेळांकडून काय उचलायचं

'डन्जन्स अँड ड्रॅगन्स' १९७४ साली आला, तेव्हा खजिन्यातलं एक सोन्याचं नाणं परत आणलं की अनुभवाचा एक गुण मिळायचा. तिथे पैसा म्हणजे प्रगतीचं माप. १९८१ च्या 'कॉल ऑफ क्थुलू'नं उलटी दिशा दाखवली: कॅरेक्टर शीटवर, म्हणजे पात्राची माहिती लिहायच्या पानावर, मानसिक तोल आकड्यात लिहिलेला, आणि खेळ पुढे सरकतो तसा तो आकडा घसरत जाणारा. आपल्याला हवा तो खेळ या दोन कल्पना एकत्र बांधल्यावर तयार होतो. पैसा हाच घसरणारा आकडा करायचा.

हे अनेकांनी आपापल्या परीनं करून दाखवलं आहे. कॅलेब स्टोक्स यांचा 'रेड मार्केट्स' (२०१७) स्वतःला आर्थिक भयाचा खेळ म्हणवतो. त्यात झोंबी आहेत, पण कॅरेक्टर मोहिमेवर जातात ते घरखर्च भागवायला आणि कधीतरी सुरक्षित भागात कायमचं जाता येईल एवढी पुंजी साठवायला. प्रत्येकावर अवलंबून असलेली माणसं शीटवर लिहिलेली असतात. फासेही दोन, एक काळा आणि एक लाल. काळा लालच्या वर गेला तर काम जमलं. जमाखर्चाची ही भाषा थेट फाशांत उतरलेली पाहून मला फार आनंद झाला होता.

क्रिस मॅकडॉवल यांच्या 'इलेक्ट्रिक बॅस्टियनलँड'मध्ये (२०२०) खेळ सुरू होतो तोच अख्ख्या गटाच्या डोक्यावर दहा हजार पौंडांचं सामाईक कर्ज ठेवून. 'ट्रॉफी गोल्ड'मध्ये प्रत्येकाच्या नावावर ओझी, म्हणजे फेडायची देणी, असतात. मोहिमेहून परतताना ओझ्याइतकं सोनं हाताशी नसेल, तर ते कॅरेक्टर खेळातून जातं. 'मदरशिप'मध्ये फासा फसला की ताण एकानं वाढतो. भेदरण्याची वेळ आली की वीस बाजूंचा फासा टाकायचा. तो साठलेल्या ताणाइतका किंवा त्याहून कमी पडला, की माणूस भेदरतो. याच खेळासाठी लिहिलेल्या 'अ पाउंड ऑफ फ्लेश'मध्ये एक अवकाशस्थानक आहे, जिथे श्वासाच्या हवेचेही पैसे मोजावे लागतात. आणि 'डेल्टा ग्रीन'मध्ये बाहेरचा धक्का झेलताना माणूस तो घरच्या नात्यांवर ढकलू शकतो. त्याचा तोल सावरतो, नातं झिजतं.

यातला एखादा खेळ जसाच्या तसा चालवलात तरी उत्तम. पण नवा गट असेल तर मी जाडजूड नियमपुस्तक हाती देत नाही. एका वहीवर चालेल असा छोटा खेळ स्वतः बांधते. तो कसा बांधायचा ते एका उदाहरणावरून सांगते.

वही

जागा: एक मोठं शीतगृह. रात्रपाळीचे चार कामगार, म्हणजे तुमचे चार खेळाडू. उंच रॅकच्या रांगा, ढकलगाड्या, आणि दाराशी मुकादमाची खोली. पाळी आठ तासांची.

प्रत्येकाला वहीचं एक पान द्या. डाव्या बाजूला जमा, उजव्या बाजूला नावे, म्हणजे खर्च. एका पाळीची मजुरी पाच नाणी. घरखर्च चार नाणी: भाडं एक, अन्न एक, औषध एक, ऊब एक. शिवाय जुन्या कर्जाचा हप्ता दोन नाणी. म्हणजे येतात पाच, जातात सहा. एक नाणं कमी पडतं.

ही तूट एकच नाण्याची ठेवा. मोठी तूट पाहिली की खेळाडू हात टेकतात आणि "मरू दे, आता लढूया" म्हणतात. एक नाणं कमी असलं की माणूस मार्ग शोधत बसतो. तो शोधच आपला खेळ आहे.

मार्ग तीन द्या, आणि तिन्ही पहिल्याच पानावर स्पष्ट लिहा.

पहिला, जादा तास. एका जादा तासाचं एक नाणं.

दुसरा, घरखर्चातली एक चौकट रिकामी सोडणं. कुठली, ते खेळाडूनं मोठ्यानं सांगायचं. "या खेपेला औषध नाही." हे वाक्य त्याच्या तोंडून यायला हवं. तुम्ही वहीत गुपचूप काट मारू नका.

तिसरा, उचल. मुकादमाकडून आज तीन नाणी घ्यायची, पुढच्या पाळीत चार कापून जायची. ऐकायला सोपं वाटतं. आता मांडून बघा. पहिल्या पाळीत एक कमी पडलं, म्हणून तीन उचलली. दोन हातात उरली, बरं वाटलं. दुसऱ्या पाळीत नेहमीचा सहाचा खर्च आणि चारची कपात, एकूण दहा. हाती पाच अधिक दोन, तूट तीनची. पुन्हा तीन उचलली, उरलं शून्य. तिसऱ्या पाळीत दहाला पाच, तूट पाचची. आता दोनदा उचल, म्हणजे सहा. एक उरलं, पण पुढची कपात आठ. चौथ्या पाळीत चौदा जायचे आणि हातात सहा. एक, तीन, पाच, आठ. कुणी उधळपट्टी केली नाही, कुणी जुगार खेळलं नाही. प्रत्येक रात्री दिसेल तो समजूतदार निर्णय घेत गेलं, आणि तरी चौथ्या रात्री आठ नाण्यांचा खड्डा पडला.

हा हिशेब तुम्ही सांगू नका. टेबलावर एकाला मुनीम नेमा आणि त्याला दर पाळीच्या शेवटी सगळ्यांची शिल्लक मोठ्यानं वाचायला लावा. नाणी म्हणून बटणं किंवा सोंगट्या वापरा. मुकादमाच्या ढिगाऱ्यात त्या स्वतःच्या हातानं सरकवाव्या लागल्या, की आकडा हाताला कळतो. मी कपातीची नोंद लाल पेनानं करते आणि बाकी सगळं काळ्या पेनानं. तिसऱ्या पाळीपर्यंत पानाचा रंग बदललेला असतो आणि खेळाडू ते पान झाकायला लागतात. कुणीही सांगितलेलं नसताना लोक आपलं पान हातानं झाकतात. मी ते पुन्हा पुन्हा पाहिलं आहे, आणि म्हणूनच या वहीवर माझा इतका विश्वास आहे.

अंगातलं बळ

आता दमणूक. यासाठी 'द ब्लॅक हॅक' या खेळातला झिजणारा फासा घ्या. प्रत्येक कामगार पाळी सुरू करताना आठ बाजूंचा फासा घेतो. दर तासाला एकदा टाकायचा. एक किंवा दोन पडला की फासा एक पायरी उतरतो: आठवरून सहा बाजूंचा, सहावरून चार बाजूंचा. चारवरही एक किंवा दोन पडला की अंगातलं बळ संपलं.

याचं गणित सुंदर आहे. आठ बाजूंचा फासा सरासरी चार वेळा टिकतो, सहाचा तीन वेळा, चारचा दोन वेळा. मिळून नऊ. पाळी आठ तासांची, तूट एका नाण्याची, ती भरायला जादा तास एक, म्हणजे नऊच तास. माणसाचं सरासरी बळ जिथे संपतं, बरोबर तिथेच त्याचा हिशेब जुळतो. पण नऊ ही सरासरी झाली. कुणी बारा तास ओढेल, कुणी चौथ्याच तासाला वाकेल.

आणि घरी अन्नाची किंवा उबेची चौकट रिकामी सोडली असेल, तर पुढची पाळी आठऐवजी सहा बाजूंच्या फाशानं सुरू करायची. सरासरी नऊवरून पाचवर आली. पाळी मात्र आठ तासांचीच राहते.

आणखी एक नियम जरूर ठेवा, माझ्या मते हा या खेळाचा प्राण आहे: दुसऱ्याचा तास स्वतःवर घेता येतो. ज्याचं बळ संपत आलंय त्याचा हात धरून त्याला चालतं ठेवायचं. त्या तासाला तुम्ही दोनदा फासा टाकायचा, त्यानं एकदाही नाही. यासाठी बक्षीस नाही, गुण नाहीत. तरीही लोक हे करतात. ओढगस्तीवरच्या खेळात माणसं एकमेकांचे लचके तोडतील एवढंच दाखवलं, तर ते अर्धंच चित्र होईल. कष्टकरी माणसं एकमेकांना धरून असतात, आणि त्याचीही किंमत मोजतात.

आता भूत

भूत निवडताना एकच कसोटी लावा: त्याचा नियम आणि पैशाचा नियम एकाच दिशेनं दाबतात का? उगाच दात आणि नखं असलेलं काहीतरी रांगेत सोडलं, तर वही आणि भूत हे दोन वेगळे खेळ होतात. खेळाडू मग भूत मारायच्या मागे लागतात आणि वही बाजूला पडते.

शीतगृहात जे आहे ते फक्त थांबलेल्याला पाहू शकतं. चालत राहणारा, हात हलवत राहणारा माणूस त्याला दिसत नाही. बस, एवढाच नियम. त्याचं रूप मी कधी वर्णन करत नाही, फक्त अंतर सांगते. बळ संपून कुणी पहिल्यांदा थांबला, की ते रांगेच्या टोकाला असतं. दुसऱ्यांदा थांबला, की मानेमागे. त्या वेळी त्याच्या घरखर्चातली एक चौकट कायमची पुसली जाते: औषध पुसलं गेलं, तर घरात औषध लागणारं माणूसच उरलेलं नसतं, आणि ते कधी होतं हे कुणाला आठवत नाही. खर्च एका नाण्यानं कमी होतो. हिशेब जुळतो. हे वाचून दाखवताना घाई करू नका. मुनिमाला नवी शिल्लक म्हणू द्या आणि थोडा वेळ जाऊ द्या. तिसऱ्यांदा थांबला, की सकाळी तो रॅकांच्या मध्ये उभ्याउभ्या गारठलेला सापडतो.

इथे उचलीचा राहिलेला नियम सांगते. दुसऱ्या उचलीपासून मुकादम जामीन मागतो. दुसऱ्या खेळाडूनं कर्जदाराच्या पानावर सही करायची, खरीखुरी, पेनानं. कर्जदार गेला की त्याची बाकी जामिनाच्या पानावर चढते. सही मागण्याचा प्रसंग घाईत उरकू नका. दोन मित्र समोरासमोर बसलेत, एकानं पान पुढे सरकवलंय, दुसरा पेन हातात घेऊन आपलं स्वतःचं पान बघतोय. तुम्ही काहीही बोलू नका.

पहिल्या पाळीत भूत दाखवू नका. नुसतं काम, हिशेब, घर. दुसऱ्या पाळीत जुन्या कामगारांची एक सवय दिसू द्या: जेवतानाही ते पाय हलवत राहतात. कारण विचारलं तर, "सवय आहे." तिसऱ्या पाळीत पहिला माणूस थांबतो. चार पाळ्या पुरतात, सहसा दोन बैठकांत होतात. लांबवू नका.

मुकादम

मुकादमाला खलनायक केलंत की खेळ सोपा होतो. त्याला मारलं की सुटलो, असं खेळाडूंना वाटतं. मी त्याला भला माणूस करते. तो चौकशी करतो, थट्टा करतो, उचल नाकारत नाही. "घे की. पुढच्या पाळीत कापून घेईन. तुला उपाशी ठेवून मला काय मिळणार?" आणि तो हे मनापासून बोलतो. त्याचंही एक पान असतं. कुणी त्याच्या खोलीत शिरून शोधलं तर ते सापडतं, आणि त्यावर कपात आणखी मोठी असते. त्यावर सही मागणारा माणूस इमारतीत कधीच येत नाही.

आवाज चढवून मुकादम रंगवू नका. जितका सौम्य बोलाल तितका तो टोचतो.

आणि खेळाडू वही जाळायला निघाले तर? निघतातच, साधारण तिसऱ्या पाळीत. अडवू नका. गेम मास्टरनं इथे "दुसरी प्रत आहे" असं ऐनवेळी ठोकून दिलं, की खेळाडूंचा विश्वास कायमचा जातो. प्रत आहे की नाही हे आधीच ठरवून लिहून ठेवा. माझ्या आखणीत प्रत नसते. वही जळते, सगळी पानं कोरी होतात. पण जळणारी वही बघायला सगळे थांबलेले असतात. चौघं एकदम थांबले आहेत हे खेळाडूंच्या लक्षात येईपर्यंत मी पाच सेकंद देते. चालता चालता जाळण्याची युक्ती कुणी आधीच काढली असेल, तर तो विजय पुरता द्या, हात आखडता घेऊ नका. चौघांनी मिळून काम बंद ठेवायचं ठरवलं, तरी तेच. चौघं हात धरून रात्रभर मोकळ्या हातांनी फेऱ्या मारत राहिले, तर फासे टाकायला लावा आणि एकमेकांचे तास घेऊ द्या. माझ्या टेबलावरचा सर्वांत थरारक शेवट असाच झाला होता, आणि त्यात एकही लढाई नव्हती.

घर

दर दोन पाळ्यांच्या मधे प्रत्येकाला घरचा एक छोटा प्रसंग द्या, दोन-तीन मिनिटांचा. रिकामी चौकट तिथे दिसते, पण रडारड नको. उबेची चौकट रिकामी असेल, तर घरातलं म्हातारं माणूस म्हणतं, "मला थंडी वाजतच नाही हल्ली." खोटं आहे हे सगळ्यांना कळतं. गरिबीचं वर्णन करताना घाण, फाटके कपडे, भुकेली पोरं यांची यादी लावायचा मोह होतो. तो टाळा. आपण अडचणीतली माणसं खेळतोय. ती हुशार आहेत, त्यांना विनोद कळतो, त्यांची आवडनिवड आहे. प्रत्येक खेळाडूला कॅरेक्टर बनवताना मी विचारते: पैसे नसतानाही हा माणूस कशावर खर्च करतो? उत्तर मिळालं की माणूस उभा राहतो.

टेबलावर बसलेली माणसं

हे शेवटी लिहिते आहे, पण प्रत्यक्षात सगळ्यात आधी करायचं आहे. भुताला घाबरणारे खेळाडू घरी जाऊन झोपतात. हप्त्याला घाबरणाऱ्याच्या घरी कदाचित खरा हप्ता वाट पाहत असतो. तुमच्या टेबलावर कोण कुठल्या ओढगस्तीतून जातंय हे तुम्हाला माहीत नसतं, आणि विचारायचंही नाही. "तुला पैशाची अडचण आहे का?" हा प्रश्न चारचौघांत कुणालाही नको असतो. त्याऐवजी सगळ्यांकडून कोऱ्या चिठ्ठ्यांवर, नाव न घालता, दोन गोष्टी लिहून घ्या: खेळात काय अजिबात नको, आणि काय पडद्याआड चालेल. रॉन एडवर्ड्स यांनी रूढ केलेली 'लाइन्स आणि व्हेल्स' (रेषा आणि पडदे) ही पद्धत ती हीच. माझ्या बाजूनं मी दोन रेषा आधीच आखून ठेवते. कर्जापायी आत्महत्या खेळात येणार नाही, आणि लहान मूल पैशाअभावी मरणार नाही. कुणाला त्यात भर घालायची असेल तर कारण विचारत नाही.

टेबलाच्या मध्यावर जॉन स्टाव्ह्रोपूलोस यांचं एक्स-कार्ड ठेवा. कुणी त्याला हात लावला की तो प्रसंग तिथेच सोडायचा, स्पष्टीकरण न मागता. या खेळात मी आणखी एक सोय ठेवते: कुणालाही कधीही आपलं पान मुनिमाकडे देता येतं. त्यानंतर त्याचा हिशेब मोठ्यानं वाचला जात नाही, पण तो खेळात राहतो. हिशेब ऐकवत नाही म्हणून टेबल सोडावं लागू नये.

खेळ संपल्यावर पानं गोळा करून तिथेच फाडायला द्या, ज्याची त्यानं. मग दिवे पूर्ण लावा आणि अर्धा तास तरी हातात ठेवा. लोक बोलू लागतात, बरेचदा खेळाबद्दल नाही. त्या वेळी सल्ला देऊ नका. कुणी आपल्या घरच्या उचलीबद्दल सांगायला लागलं तर ऐका, आणि ते टेबलाबाहेर नेऊ नका.

दुसऱ्यांदा चालवाल तेव्हा मुनीम बदला, आणि हप्ता दोनऐवजी एक ठेवून बघा. येतात पाच, जातात पाच. तूट नाही, फक्त शिल्लक शून्य. मग एका घरात एखाद्या रात्री औषधाचं एक नाणं जास्त लागू द्या आणि पुढचं खेळाडूंवर सोडा.